एकवीस नावांची यादी

माणूस गेलं की त्याच्याविषयी चांगलंच बोलावं, अशी आपल्याकडे रीत आहे. ज्यानं ही रीत पाडली त्याच्या शेजारी सप्रेबाई राहत नव्हत्या, एवढं मी खात्रीनं सांगतो. माझ्या त्या नऊ वर्षं शेजारी होत्या, झाशीला, सीपरी बाजारच्या मागच्या गल्लीत, भिंतीला भिंत लागून. त्यांची आठवण आली की आजही माझ्या डोक्यात तिडीक जाते. आधी त्यांच्यावर, मग सरकारवर, आणि शेवटी जिथं जायला नको तिथं, म्हणजे स्वतःवर. हा क्रम ठरलेला आहे. बायकोलाही तो पाठ झालाय. ती चहाचा कप पुढे ठेवते आणि टीव्हीचा आवाज वाढवते.

बाई म्हणजे कुसुम सप्रे. घराणं अस्सल झाशीचं, सात-आठ पिढ्यांपूर्वी भिक्षुकीसाठी दक्षिणेतून इकडे आलेलं. लग्न केलं नाही. दतिया गेटजवळ मुलींची एक सरकारी शाळा होती, आठवीपर्यंतची. तिथे बत्तीस वर्षं नागरिकशास्त्र शिकवून त्या निवृत्त झाल्या. मी अमरावतीकडचा, इथल्या सरकारी कारखान्यात ड्राफ्ट्समन म्हणून आलो, आणि निवृत्त झालो तरी इथेच राहिलो. बाईंची मराठी ऐकून सुरुवातीला मला हसू यायचं. 'लाईट चालली गेली', 'काम खतम झालं', असं त्या बोलत. एकदा मी चेष्टा केली, तर म्हणाल्या, "वानखडेजी, तुमच्या अमरावतीत आता निम्मे लोक हिंदी बोलतात. आम्ही अडीचशे वर्षं हिंदीत राहून निम्मी मराठी वाचवली. सांगा, कोण जास्त मराठी?" बाईंशी वाद घालणं म्हणजे हात दाखवून अवलक्षण.

ठेंगणी बांधेसूद मूर्ती, सुती साडी, मनगटावर वडिलांचं मोठं घड्याळ, आणि खांद्याला खाकी कापडाची पिशवी. त्या पिशवीत काय असायचं? कार्बन पेपर. होय, आजच्या काळात. बाई कुठलाही अर्ज हातानं लिहीत, दोन प्रतींत, आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्का मारून घेतल्याशिवाय कुठल्याही कचेरीतून हलत नसत. इकडे त्याला रिसीविंग म्हणतात. "कागदाची रिसीविंग मिळाली की सरकार बांधलं गेलं," हे त्यांचं ब्रह्मवाक्य. नळाला पाणी नाही, रिसीविंग. गल्लीत दिवा नाही, रिसीविंग. कपाटात अशा शिक्केवाल्या कागदांच्या सात फायली होत्या, आणि पाहुण्यांना लोक लग्नाचे अल्बम दाखवतात तशा त्या बाई दाखवायच्या.

वीज कचेरीतला किस्सा तर सगळ्या गल्लीला तोंडपाठ होता. बाईंच्या मीटरचं रीडिंग चुकीचं लागलं होतं. अर्ज घेऊन गेल्या, तर बाबू म्हणाला, शिक्का नाही मारता येणार, पॅड सुकलंय. उद्या या. दुसऱ्या दिवशी बाई गेल्या, पॅड सुकलेलंच. तिसऱ्या दिवशी त्यांनी पिशवीतून जांभळ्या शाईची बाटली काढली, बाबूच्या टेबलावरचं पॅड स्वतःपुढे ओढलं, त्यावर निगुतीनं शाई ओतली, ती पसरेपर्यंत थांबल्या आणि म्हणाल्या, "अब मारिए." मारला त्यानं शिक्का. रांगेतले लोक हसले, पण बाईंना त्यात काही हसण्यासारखं वाटलं नाही. पॅड सुकलं होतं, शाई घातली, संपलं. समोरचा माणूस मुद्दाम खोटं बोलतोय हे त्यांच्या डोक्यातच येत नसे. हाच तर सगळा घोळ होता.

शाळेतही हेच. वर्गात पहिल्याच दिवशी सांगत, की माझ्याबद्दल तक्रार असेल तर रडायचं नाही, घरी सांगायचं नाही, लिहून द्यायचं. एका वर्षी सातवीच्या मुलींनी खरोखरच ज्ञापन, म्हणजे लेखी निवेदन, दिलं, की मॅडमजी फार गृहपाठ देतात, आम्हाला घरी भांडी घासायची असतात, बिड्या वळायच्या असतात. खाली सगळ्या वर्गाच्या सह्या. बाईंनी मुख्याध्यापिकेसमोर उभं राहून त्यावर रिसीविंग दिली आणि दुसऱ्या दिवसापासून गृहपाठ निम्मा केला. "त्या दिवशी माझा अभ्यासक्रम पूर्ण झाला," असं सांगताना त्यांच्या डोळ्यांत पाणी यायचं. मला हे ऐकून बरं वाटायचं, खोटं कशाला बोलू. पण आता वाटतं, बाईंनी त्या मुलींना केवढं चुकीचं शिकवलं! मुलींना वाटलं असेल, सगळं सरकार सप्रेमॅडमसारखंच असतं.

आमचे वाद व्हायचे ते यावरूनच. मी युनियनवाला. आमच्या काळात कारखान्याच्या गेटवर सभा व्हायची, घोषणा व्हायच्या, आणि मोठा साहेब खरोखर खाली उतरून यायचा. शिव्या ऐकायचा, कधी देऊनही जायचा, पण समोर एक माणूस असायचा. मी बाईंना म्हणायचो, कागदानं काही होत नाही, चार माणसं रस्त्यावर आली की होतं. बाई चष्मा काढून पदरानं पुसत आणि वर्गात सांगावं तसं सांगत, की जिथं दाद लागते तिथं लोक अर्ज करतात, आणि जिथं लागत नाही तिथं रस्ता अडवतात. "आपल्याकडे दाद लागते. उशिरा लागते, पण लागते. म्हणून आपण अर्ज करायचा." बिचाऱ्यांना दोनच प्रकार ठाऊक होते. तिसरा प्रकार त्यांच्या पुस्तकात नव्हता.

मग शाळेचं प्रकरण आलं. दतिया गेटच्या त्या शाळेत मुलींची संख्या कमी झाली म्हणून ती दुसऱ्या शाळेत विलीन करायचा आदेश वरून आला. दुसरी शाळा रेल्वे लाईनीच्या आणि मोठ्या रस्त्याच्या पलीकडे. ज्यांनी नकाशावर बोट ठेवून हे ठरवलं त्यांनी तो रस्ता कधी पायी ओलांडला नसणार. मुली बिडी वळणाऱ्यांच्या, ई-रिक्षावाल्यांच्या, धुण्याभांड्याला जाणाऱ्या बायांच्या. आया कामावर. पोचवायला कोण जाणार? सहावीतली मुलगी एकटी त्या ट्रकांच्या रस्त्यानं जाणार नाही, म्हणजे घरी बसणार, आणि घरी बसली की दोन वर्षांत तिचं लग्न. यात गणित कसलं आलंय? शेंबड्या पोरालाही कळावं.

आया बाईंकडे आल्या. त्यात रईसा नावाची एक होती, बिडी कामगार, तिशीतली, तिची मुलगी शाइस्ता त्याच शाळेत सहावीत. रईसा स्वतः बाईंची विद्यार्थिनी, पण पाचवीतच शाळा सुटलेली. शाइस्ता पाचवी ओलांडून सहावीत गेली तेव्हा रईसानं गल्लीत बताशे वाटले होते. आता तीच शाळा बंद होणार होती.

बाईंनी ज्ञापन लिहिलं. दोन प्रती. पंधरा-वीस बायका आणि मी, असे आम्ही सिविल लाइंसमधल्या कचेरीत गेलो. एक तरुण अधिकारी हसतमुखानं बाहेर आला, बाईंच्या हातून कागद घेतला, सगळ्यांनी एक फोटो काढला, आणि तो आत गेला. आमचं सगळं मिळून अडीच मिनिटांत आटोपलं. बाईंकडे रिसीविंग होती, त्या खूश. महिन्याभरात तसे चार फोटो झाले. चौथ्या वेळी तर अधिकाऱ्यानं बायकांना सांगितलं, ज़रा पास-पास खड़े हो जाइए, फ्रेम में आ जाएँ. मला तेव्हाच कळायला हवं होतं. हे लोक तक्रार ऐकायला नव्हते बसले, तक्रार जिरवायला बसले होते.

आया वैतागल्या. आता सरळ चौकात बसायचं, त्या म्हणाल्या, एक तास रस्ता अडला की कोणी तरी येईल. मी म्हटलं, शाब्बास. बाई म्हणाल्या, नाही. परवानगी घेऊन बसायचं, धरणं म्हणून बसायचं, नियमानं. त्यांनी जाऊन परवानगीचा फॉर्म आणला. बसण्याची जागा कचेरीनंच ठरवून दिलेली, गावाच्या एका टोकाला, जिथं कुत्रंही फिरकत नाही. वेळही कचेरीचीच. लाउडस्पीकर नाही. आणि फॉर्मच्या मागच्या पानावर एक तक्ता: सहभागी होणाऱ्यांचं नाव, वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव, पत्ता, मोबाईल नंबर.

आम्ही सगळे बाईंच्या ओसरीत बसलो होतो. रईसानं तो तक्ता पाहिला आणि हळूच म्हणाली, "दीदी, नाम मत लिखिए. बिना नाम के बैठ जाएँगे."

बाईंनी पेन खाली ठेवलं. "चोरी कर रहे हैं क्या, जो नाम छुपाएँ?"

झालं. बाईंपुढे कोण बोलणार? बाई एकेकीला पुढे बोलावत, घरचा पत्ता विचारत, मोबाईलचा नंबर दोनदा म्हणवून घेत. ज्यांना नवऱ्याचं नाव उच्चारायची सवय नव्हती त्यांच्याकडून पोरांच्या नावावरून काढून घेतलं. एकवीस नावं. सुंदर वळणदार अक्षर, कुठे खाडाखोड नाही. सातवं नाव माझं. मी नंबर सांगितला तेव्हा मान ताठ होती माझी, हे कबूल करतो. कारखान्याच्या गेटवरचा जुना वानखडे जागा झाल्यासारखं वाटलं.

परवानगी नाकारली गेली. शांतता भंग होण्याची शक्यता, असं कारण. त्यानंतर आठच दिवसांत त्या एकवीसच्या एकवीस घरांत नोटीस पोचली. तुमच्याकडून शांतताभंग होण्याची भीती आहे, तरी दंडाधिकाऱ्यांसमोर हजर होऊन मुचलका का देऊ नये ते सांगा. नाव अचूक, बापाचं नाव अचूक, पत्ता अचूक. कुठेही चूक नाही, कारण यादी सप्रेबाईंनी केली होती!

कोणी काय केलं होतं हो? कोणाचं घोडं मारलं होतं? एक खडा उचलला नव्हता, एक घोषणा दिली नव्हती. जे चौकात बसलेच नाहीत त्यांच्याकडून चौकात न बसण्याचं वचन मागत होते. तो तिसरा प्रकार मला त्या दिवशी कळला. अर्ज करायला लावायचं, म्हणजे उद्या रस्ता अडवू शकतील अशी माणसं कोण, ते त्यांनीच आपल्या हातानं लिहून द्यावं. पूर्वी लाठी मारायला लोक गोळा व्हावे लागत. आता लोक गोळाच होऊ द्यायचे नाहीत. फॉर्म भरून घ्यायचा. किती स्वच्छ काम! कोणाच्या अंगावर वळ नाही, पेपरात बातमी नाही, आणि वर म्हणायला मोकळे, की आम्ही तर परवानगीची सोय केली आहे.

तारखा पडू लागल्या. बरोबर यावं लागणाऱ्या ई-रिक्षावाल्या नवऱ्यांचा दिवस बुडायचा, बायकांची कामं सुटायची. दोन-तीन तारखांतच एकेकानं मुचलक्यावर सही केली, सहा महिने शांतता राखू म्हणून. सही केली की मोकळं, नाही केली तर आत. मीही केली. मुलाचं नोकरीसाठी पोलीस व्हेरिफिकेशन निघायचं होतं. बायकोवर मला काही म्हणायची वेळही मी येऊ दिली नाही, स्वतःहून सकाळी आंघोळ करून गेलो आणि सही करून आलो. युनियनवाला म्हणे!

बाईंनी सही केली नाही. दंडाधिकाऱ्याला सांगितलं, की मी शांतता भंग केलेलीच नाही, मग ती राखण्याचं वचन कशाला देऊ. सत्तरी ओलांडलेल्या मास्तरणीला आत कोण टाकणार? तारखेवर तारीख देत राहिले.

पण बाई आतून मोडल्या त्या वेगळ्याच कारणानं. त्या घरोघरी गेल्या. एकवीसांपैकी वीस घरांत, हात जोडून. मी दोन-तीन ठिकाणी बरोबर होतो, स्कूटरवरून सोडायला. काहींनी दार उघडलं नाही. एकीच्या नवऱ्यानं तोंडावर सांगितलं, की मॅडमजी, आता आमच्या घरी येऊ नका. रईसाच्या घरी ती सूप मांडीवर घेऊन बिड्या वळत बसली होती. उठली, बाईंना पाणी दिलं. बाई म्हणाल्या, मुझे माफ कर दे बेटा, मुझे लगा लिखकर देंगे तो वो पढ़ेंगे.

रईसा पुन्हा सूप घेऊन बसली. "पढ़ा न दीदी," ती म्हणाली, "पूरा पढ़ा उन्होंने."

रागावून नाही म्हणाली. रागावली असती तर बरं झालं असतं. परत आल्यावर बाई स्कूटरवरून गल्लीत उतरल्या आणि मला म्हणाल्या, की बत्तीस वर्षं मी मुलींना काय शिकवत होते वानखडेजी? उत्तर सुचलं होतं, पण ते त्या वेळी बोलण्यासारखं नव्हतं.

शाळा विलीन झाली. जुलैत दतिया गेटच्या इमारतीला कुलूप लागलं. पलीकडच्या शाळेत किती मुली गेल्या मला माहीत नाही, पण शाइस्ता गेली नाही. ती आईच्या शेजारी बसून बिड्या वळू लागली, आणि तिचे हात आईपेक्षा जलद चालतात असं लोक कौतुकानं सांगू लागले. कौतुकानं!

वाटलं, बाई आता थंड होतील. छे! एका दुपारी आल्या, हातात कायद्याचं कसलंसं पुस्तक. गावात जमावबंदी होती, ती आमच्याकडे सण, परीक्षा, निवडणूक, काहीही निमित्तानं असतेच. बाईंनी मला तो भाग वाचून दाखवला. पाच किंवा अधिक माणसं एकत्र आली तर बंदी. "म्हणजे चार जण बसू शकतात. चार म्हणजे जमाव नाही. परवानगी नको, फॉर्म नको, यादी नको. मी एक आहे. मला तीन माणसं पाहिजेत, बस."

मी म्हटलं, बघतो.

'बघतो.' आपल्या लोकांनी शोधून काढलेला सगळ्यात सोयीचा शब्द. यात नाही म्हणायची हिंमत लागत नाही आणि हो म्हणायची तर मुळीच नाही. बाईंनी माझ्याकडे पाहिलं, पुस्तक पिशवीत ठेवलं आणि गेल्या. आणखी कोणाकडे त्या गेल्या की नाही मला ठाऊक नाही. कोणाकडे जाणार होत्या? आम्ही सगळेच मुचलक्यावर सही करून बसलो होतो, मूग गिळून.

त्यानंतर दोन-अडीच महिन्यांत बाई ग्वाल्हेरला भाचीकडे गेल्या आणि तिथेच वारल्या. भाचीनं फोनवर सांगितलं, हार्ट. मी अंत्यविधीला गेलो नाही, उशिरा कळलं. पण त्याआधी मी त्यांना एकदा पाहिलं होतं, ते सांगायचं राहिलंय. सांगायचं राहिलं म्हणजे आजवर कोणाला सांगितलेलं नाही.

सप्टेंबरातली सकाळ होती, दहा-साडेदहा वाजले असतील. मी औषधं आणायला दतिया गेटकडे गेलो होतो. मेडिकलच्या दुकानासमोर, रस्त्यापलीकडे, शाळेचं कुलूप लावलेलं फाटक. आणि फाटकाला पाठ लावून, सतरंजीवर, बाई बसल्या होत्या. एकट्या. फलक नाही, घोषणा नाही. कोऱ्या कागदावर मोठ्या अक्षरात शाळेचं नाव लिहून तो त्यांनी मांडीवर धरला होता. येणारे-जाणारे बघत आणि पुढे जात. बाईंसमोर एक पोलीस शिपाई उभा होता, हातात मोबाईल. जो कोणी दोन क्षण थांबेल त्याच्याकडे तो मोबाईल वळवत होता.

मी औषधाच्या पुड्या हातात घेऊन दुकानाच्या पायरीवर उभा होतो. मधे फक्त रस्ता, दहा पावलं. बाईंनी मान वर केली आणि मला पाहिलं. चष्मा स्वच्छ होता त्यांचा, त्यांनी मला नीट पाहिलं, यात मला तिळभर शंका नाही. मला वाटलं, आता हाक मारणार. वानखडेजी, या. आणि देवाशपथ सांगतो, हाक मारली असती तर मी गेलो असतो. निदान असं मी तेव्हापासून स्वतःला सांगत आलोय.

शिपायानं विचारलं, "अम्मा, आपके साथ और कौन-कौन है? नाम बताइए."

बाईंनी माझ्यावरून नजर काढून घेतली. उभ्या आयुष्यात खोटं न बोललेल्या त्या बाईंनी रस्त्याकडे, गर्दीकडे, दुकानांकडे असं पाहिलं की जणू या गावात त्या कालच आल्या आहेत.

"कोई नहीं," त्या म्हणाल्या. "मैं यहाँ किसी को नहीं जानती."

शिपायानं मोबाईल माझ्या दिशेनं वळवायच्या आत मी स्कूटरला किक मारली.